विद्युत शक्ती आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकर

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव घेताच काही प्रतिमा ठरलेल्या क्रमाने आपल्या डोळ्यांसमोर उभ्या राहतात. महाडच्या तळ्याचे पाणी ओंजळीत घेणारे बाबासाहेब, नाशिकच्या काळाराम मंदिराच्या लढ्याचे नेते बाबासाहेब, हाती संविधान घेतलेले बाबासाहेब आणि नागपूरच्या दीक्षाभूमीवर धम्माच्या वाटेने लाखोंना नेणारे बाबासाहेब. आपल्या शाळेच्या प्रार्थनागृहातही याच प्रतिमा आहेत. या मालिकेत एक प्रतिमा मात्र क्वचितच दिसते. दिल्लीच्या सचिवालयात अभियंत्यांसमवेत बसून नद्यांचे नकाशे, वीजकेंद्रांची क्षमता आणि वीजवाहिन्यांच्या योजना यांचा बारकाईने विचार करणारे बाबासाहेब आपल्यापैकी अनेकांना अपरिचित आहेत. १९४२ ते १९४६ या चार वर्षांत भारताच्या विद्युत धोरणाची पायाभरणी ज्यांच्या खात्यात झाली, त्या बाबासाहेबांचे हे अल्पसे चरित्र आहे.

हे चरित्र एका शास्त्रीय शब्दाच्या आधाराने सांगण्याचा येथे प्रयत्न आहे. तो शब्द आहे ‘विद्युत शक्ती’. दहावीच्या विज्ञानाच्या पुस्तकात तो प्रत्येक विद्यार्थ्याला भेटतो आणि परीक्षा संपली की बहुधा विसरला जातो. या शब्दाचा नेमका अर्थ समजला, तर बाबासाहेबांनी विजेचा प्रश्न एवढ्या अगत्याने हाती का घेतला, हेही समजते.

शब्दाचा अर्थ

व्यवहारात आपण बल, शक्ती, ऊर्जा हे शब्द एकमेकांच्या जागी सर्रास वापरतो. भौतिकशास्त्राला ही मुभा नाही. तेथे बल म्हणजे ढकलणे किंवा ओढणे. बलामुळे वस्तू सरकली की कार्य झाले. कार्य करण्याची क्षमता म्हणजे ऊर्जा. ते कार्य किती वेळात झाले, याचा हिशेब म्हणजे शक्ती. विहिरीतून शंभर घागरी पाणी दोन माणसांनी काढले, एकाने दिवसभरात आणि दुसऱ्याने तासाभरात, तर दोघांचे कार्य सारखेच. शक्ती मात्र दुसऱ्याची अधिक. कार्याला वेळेने भागले की शक्ती मिळते. वीजप्रवाहाच्या बाबतीत हीच शक्ती विभवांतर आणि विद्युतधारा यांच्या गुणाकाराने काढतात आणि तिला विद्युत शक्ती म्हणतात. तिचे एकक वॅट. एका सेकंदाला एक जूल कार्य झाले की ती एक वॅट शक्ती. हजार वॅटचा एक किलोवॅट आणि दहा लाख वॅटचा एक मेगावॅट. पूर्वी यंत्रांची शक्ती अश्वशक्तीत मोजत. एक अश्वशक्ती म्हणजे ७४६ वॅट.

येथे एक नेहमीची चूक सांगून ठेवली पाहिजे. आपल्या घरी येणाऱ्या बिलातील युनिट हे शक्तीचे माप नव्हे, ते ऊर्जेचे माप आहे. एक किलोवॅट शक्तीचे उपकरण एक तास चालले की एक युनिट वीज खर्च होते. म्हणून त्याला किलोवॅट-तास म्हणतात. वर्तमानपत्रांत पुष्कळदा ‘किलोवॅट प्रतितास’ असे छापून येते, ते अशुद्ध आहे. येथे किलोवॅटला तासाने भागायचे नसते, गुणायचे असते. एक युनिट म्हणजे ३६ लाख जूल ऊर्जा.

या आकड्यांचा माणसाच्या जगण्याशी काय संबंध? धडधाकट माणूस दिवसभर सलग अंगमेहनत करतो, तेव्हा त्याची शक्ती साधारण ७५ वॅट भरते. आठ तास राबून तो ६०० वॅट-तास, म्हणजे जेमतेम सहा दशांश युनिट एवढे कार्य करतो. दुसऱ्या शब्दांत, आपण ज्या एका युनिटचे मोल काही रुपयांत चुकवतो, त्यात एका माणसाची दीड दिवसाहून अधिक अंगमेहनत साठलेली असते. आपल्या नाशिकजवळच्या एकलहरे औष्णिक वीज केंद्रात २१० मेगावॅटचे तीन संच उभारलेले आहेत. त्यांतील एक संच पूर्ण क्षमतेने एक तास चालला, तर २ लाख १० हजार युनिट वीज निर्माण होते. साडेतीन लाख माणसांच्या दिवसभराच्या मेहनतीइतके हे कार्य आहे.

ज्या समाजाच्या वाट्याला पिढ्यान्पिढ्या केवळ अंगमेहनत आली, ओझी वाहणे, दगड फोडणे, मेलेली गुरे ओढणे हेच ज्याचे विधिलिखित ठरवले गेले, त्या समाजाला या हिशेबाचा अर्थ वेगळा समजावून सांगण्याची आवश्यकता नाही.

मिणमिणता दिवा आणि दुसऱ्याच्या हातचा नळ

भीमराव रामजी आंबेडकर यांचा जन्म १४ एप्रिल १८९१ रोजी महू येथील लष्करी छावणीत झाला. घराणे मूळचे रत्नागिरी जिल्ह्यातील आंबडवे गावचे. वडील सुभेदार रामजी सकपाळ लष्करी शाळेत शिक्षक होते. त्यांच्या निवृत्तीनंतर कुटुंब काही काळ दापोलीस आणि पुढे साताऱ्यास राहिले. तेथेच आई भीमाबाई निवर्तल्या. साताऱ्याच्या दिवसांतील एक आठवण बाबासाहेबांनी पुढे स्वतः लिहून ठेवली आहे. शाळेत पाण्याचा नळ होता, पण अस्पृश्य मुलाने त्याला हात लावायचा नाही, असा दंडक होता. शिपायाने नळ उघडला तरच पाणी मिळे. शिपाई नसला तर तहानलेले राहावे लागे. पाणी होते, नळ होता, तहानही होती. परंतु नळाची चावी दुसऱ्याच्या हाती होती. बाबासाहेबांच्या पुढील आयुष्यातील बहुतेक प्रश्नांचे मूळ या एका अनुभवात सापडते. विजेचा प्रश्नही त्याला अपवाद नाही.

पुढे कुटुंब मुंबईस आले आणि परळच्या कामगार वस्तीतील चाळीत राहू लागले. खोली लहान आणि माणसे अधिक. रात्री लवकर झोपायचे, मध्यरात्र उलटली की वडिलांनी उठवायचे आणि मिणमिणत्या दिव्याच्या उजेडात पहाटेपर्यंत वाचायचे, असा भीमरावांच्या अभ्यासाचा क्रम होता. १९०७ साली ते मॅट्रिक झाले आणि पुढे एल्फिन्स्टन महाविद्यालयातून पदवीधर झाले.

ज्या परळमध्ये हा विद्यार्थी दिव्याच्या वातीशी झगडत होता, त्याच परळच्या आसपास गिरण्यांमध्ये विजेचे दिवे लागलेले होते. पण त्या उजेडाने कामगाराचे भले झाले नव्हते. पूर्वी अंधार पडला की यंत्रे थांबत. विजेचे दिवे आले आणि सूर्यास्तानंतरही यंत्रे चालू ठेवणे मालकांना शक्य झाले. विसाव्या शतकाच्या आरंभी मुंबईच्या गिरणी कामगाराचा कामाचा दिवस तेरा-चौदा तासांपर्यंत लांबला आणि त्याविरुद्ध असंतोषही उसळला. वीज आली म्हणजे माणसाचे कष्ट आपोआप हलके होतात, असे नाही. ती कोणाच्या हाती आहे आणि कशासाठी वापरली जाते, यावर सारे अवलंबून असते. हा धडा मुंबईच्या गिरणगावाने फार लवकर शिकवला होता.

१९१३ साली बडोदा संस्थानाच्या शिष्यवृत्तीवर भीमराव न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात दाखल झाले. विजेच्या दिव्यांनी उजळलेले, विजेवर धावणाऱ्या गाड्यांचे ते शहर होते. ते तेथे शिकत असतानाच, १९१५ साली, इकडे सह्याद्रीच्या पायथ्याशी खोपोली येथे टाटांचे जलविद्युत केंद्र सुरू झाले. लोणावळ्याच्या परिसरात अडवलेले पावसाचे पाणी घाटाखाली सोडून निर्माण केलेली वीज मुंबईच्या गिरण्यांना मिळू लागली.

शेतीच्या तुकड्यांवरून उद्योगाकडे

कोलंबियातील आणि लंडनमधील अध्ययनाचा पहिला टप्पा आटोपून बाबासाहेब १९१७ साली मायदेशी परतले. पुढच्याच वर्षी, १९१८ साली, भारतातील लहान शेतजमिनी आणि त्यांवरील उपाय या विषयावरचा त्यांचा निबंध अर्थशास्त्राच्या नियतकालिकात प्रसिद्ध झाला. त्या काळी बहुतेक तज्ज्ञांचे म्हणणे असे की शेतीचे फार तुकडे झाले म्हणून शेतकरी दरिद्री आहे. तुकडे एकत्र केले की प्रश्न सुटेल. बाबासाहेबांनी हा विचार मुळातून तपासला. शेत लहान की मोठे हे केवळ एकरांवरून ठरत नाही, त्यावर किती भांडवल लावता येते आणि किती माणसे राबतात यावरून ठरते, असे त्यांनी दाखवून दिले. जमिनीवर गरजेपेक्षा अधिक माणसांचा भार पडला आहे आणि त्यांतील पुष्कळ श्रम वाया जात आहेत, हे खरे दुखणे होय. तेव्हा त्यावरचा खरा उपाय शेताच्या बांधावर नसून औद्योगिकीकरणात आहे, असा त्यांचा निष्कर्ष होता.

या विचारामागे केवळ अर्थशास्त्र नव्हते. गावात जमीन कोणाकडे असावी आणि राबावे कोणी, हे जातीने ठरलेले होते. गावाबाहेर रोजगाराचे दुसरे साधन निर्माण झाल्याशिवाय भूमिहीनाची त्या चाकोरीतून सुटका नव्हती. उद्योग हवेत, तर यंत्रे हवीत. यंत्रे हवीत, तर ती चालवणारी शक्ती हवी. पंचवीस वर्षांनंतर विजेच्या प्रश्नावर त्यांनी जी भूमिका घेतली, तिचे बीज या निबंधात आहे.

महाड, नाशिक, येवले, मनमाड

१९२० साली ‘मूकनायक’ सुरू करून ते पुन्हा लंडनला गेले आणि १९२३ साली बॅरिस्टर होऊन परतले; त्याच वर्षी त्यांना डी.एस्सी. पदवीही मिळाली. त्यानंतरचा इतिहास आपणा सर्वांना ज्ञात आहे. १९२४ साली बहिष्कृत हितकारिणी सभेची स्थापना झाली आणि १९२५ साली सभेने सोलापूर येथे विद्यार्थ्यांसाठी वसतिगृह उघडले. आपल्यासारख्या निवासी शाळांचे नाते त्या परंपरेशी आहे. २० मार्च १९२७ रोजी महाडच्या चवदार तळ्याचा सत्याग्रह झाला. २ मार्च १९३० रोजी नाशिकच्या काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला. दादासाहेब गायकवाडांसारख्या कार्यकर्त्यांनी तो पाच वर्षे नेटाने चालवला. १३ ऑक्टोबर १९३५ रोजी येवल्याच्या परिषदेत बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली.

आपल्या जिल्ह्यातील आणखी एक प्रसंग मात्र तुलनेने कमी सांगितला जातो. फेब्रुवारी १९३८ मध्ये मनमाड येथे रेल्वेतील अस्पृश्य कामगारांची परिषद झाली आणि तिचे अध्यक्षस्थान बाबासाहेबांनी भूषविले. अस्पृश्य कामगाराला कामगार म्हणून पिळले जाते आणि कामगारांमध्येही अस्पृश्य म्हणून दूर ठेवले जाते, हे दुहेरी दुःख त्यांनी तेथे मांडले. चांगल्या वेतनाची कुशल कामे इतरांची आणि अवजड ओझ्याची कामे यांची, अशी वाटणी कारखान्यांत आणि रेल्वेतही झालेली होती. म्हणजे यंत्र आले तरी जात सुटली नव्हती. केवळ उद्योग वाढून भागणार नाही, त्या उद्योगात माणसाला माणूस म्हणून स्थान मिळाले पाहिजे, ही जाणीव घेऊनच ते पुढे सत्तेच्या स्थानी पोहोचले.

मजूरमंत्री बाबासाहेब आणि विजेचा प्रश्न

जुलै १९४२ मध्ये व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात बाबासाहेबांची मजूर सदस्य म्हणून नियुक्ती झाली. आपण त्या पदाला मजूरमंत्री म्हणतो. या खात्याकडे केवळ कामगारांचे प्रश्न नव्हते. पाटबंधारे, सार्वजनिक बांधकाम, खाणी आणि विद्युत शक्ती हे विषयही होते. दुसरे महायुद्ध पेटलेले होते. युद्धोत्तर पुनर्रचनेची आखणी करण्यासाठी निरनिराळ्या धोरण समित्या नेमल्या गेल्या. त्यांपैकी सार्वजनिक बांधकाम व विद्युत शक्ती या विषयाच्या समितीचे अध्यक्षपद बाबासाहेबांकडे आले. तिची बैठक २५ ऑक्टोबर १९४३ रोजी दिल्लीत झाली.

त्या वेळी देशातील विजेची अवस्था काय होती? मोठ्या शहरांत आणि काही संस्थानांत वीज होती. खेडी जवळजवळ संपूर्ण अंधारात होती. चार वर्षांनी देश स्वतंत्र झाला, तेव्हाही साऱ्या भारताची वीजनिर्मितीची स्थापित क्षमता सुमारे १,३६२ मेगावॅट एवढीच होती. एकट्या एकलहऱ्याच्या तीन संचांची क्षमता ६३० मेगावॅट भरते, हे ध्यानात घेतले म्हणजे त्या काळच्या दारिद्र्याची कल्पना येते.

समितीपुढे बाबासाहेबांनी काही थेट प्रश्न ठेवले. वीजपुरवठा खासगी कंपन्यांच्या हाती असावा की शासनाच्या? तो प्रांतांनी सांभाळावा की केंद्राने? वीज स्वस्त आणि मुबलक कशी होईल? पण या प्रश्नांच्याही मागचा प्रश्न त्यांना महत्त्वाचा वाटत होता. भारताला वीज कशासाठी हवी, हा तो प्रश्न. त्याचे त्यांनी दिलेले उत्तर १९१८ च्या निबंधाशी सुसंगत होते. शेतीवरचा भार उतरवण्यासाठी औद्योगिकीकरण हवे, आणि स्वस्त व मुबलक विजेवाचून औद्योगिकीकरण होऊ शकत नाही. दारिद्र्याच्या न संपणाऱ्या फेऱ्यातून सामान्य माणसाला बाहेर काढण्याचे साधन म्हणून ते विजेकडे पाहत होते. वीज हे त्यांच्या दृष्टीने श्रीमंतांच्या घरचे सुखसाधन नव्हते.

‘स्वस्त’ आणि ‘मुबलक’ हे दोन शब्द येथे समजून घेण्यासारखे आहेत. विजेचे एक वैशिष्ट्य असे की ती धान्याप्रमाणे कोठारात भरून ठेवता येत नाही. ज्या क्षणी लागते त्याच क्षणी ती निर्माण करावी लागते. म्हणून वीज केंद्राची क्षमता दिवसातील सर्वाधिक मागणीइतकी ठेवावी लागते. समजा, एका शहराची सर्वाधिक मागणी १०० मेगावॅट आहे, पण दिवसभराची सरासरी मागणी केवळ ४० मेगावॅट आहे. मग १०० मेगावॅटच्या यंत्रांचा खर्च करूनही काम चाळीसच टक्के होते. सरासरी आणि सर्वाधिक मागणीच्या या गुणोत्तराला लोड फॅक्टर म्हणतात. तो जितका कमी, तितके प्रत्येक युनिट महाग. प्रत्येक शहराने आपापले छोटे केंद्र चालवले, तर वीज महागच राहणार.

यावरचा उपाय म्हणजे ग्रिड. निरनिराळी वीज केंद्रे उच्च दाबाच्या वाहिन्यांनी एकमेकांना जोडायची. एका ठिकाणी रात्री दिव्यांसाठी मागणी वाढते, दुसरीकडे दिवसा कारखान्यांसाठी वाढते; दोन्ही जोडली की यंत्रे रिकामी राहत नाहीत. एक केंद्र बंद पडले, तर दुसरे त्याची उणीव भरून काढते. पावसाळ्यात नद्या भरलेल्या असताना जलविद्युत वापरायची आणि उन्हाळ्यात पाणी आटले की कोळशावरची. वाहिन्या उच्च दाबाच्या ठेवण्याचे कारणही शक्तीच्या व्याख्येत दडलेले आहे. तीच शक्ती दुप्पट दाबाने पाठवली, तर विद्युतधारा निम्मी होते, आणि तारेतील उष्णतेने होणारी हानी धारेच्या वर्गाच्या प्रमाणात असल्यामुळे ती एक चतुर्थांशावर येते. म्हणूनच दूरच्या नदीवरील वीज शेकडो किलोमीटर अंतरावरच्या गावाला परवडू शकते.

हे सारे एका शहराच्या किंवा एका कंपनीच्या आवाक्यातले नव्हते. त्यासाठी संपूर्ण देशाचा विचार करणारी तांत्रिक यंत्रणा हवी होती. म्हणून बाबासाहेबांच्या कारकिर्दीत, १९४४ साली, केंद्रीय तांत्रिक विद्युत मंडळाची स्थापना झाली. देशातील विद्युत साधनांची पाहणी करणे, योजना आखणे आणि प्रांतांच्या कामात समन्वय साधणे, हे या मंडळाचे काम होते. १९४५ साली जलमार्ग, पाटबंधारे व नौकानयन यांसाठीचा केंद्रीय आयोगही स्थापन झाला. आजच्या केंद्रीय विद्युत प्राधिकरणाचा आणि केंद्रीय जल आयोगाचा वारसा या दोन संस्थांपर्यंत मागे जातो.

दामोदर खोरे

या विचाराची पहिली मोठी कसोटी दामोदर नदीच्या खोऱ्यात लागली. जुलै १९४३ मध्ये दामोदरला महापूर आला; रेल्वेमार्ग आणि रस्ते वाहून गेले, कलकत्त्याचा उर्वरित देशाशी संपर्क तुटला. नेमलेल्या चौकशी समितीत थोर भौतिकशास्त्रज्ञ डॉ. मेघनाद साहा हेही होते. गरीब, मागास गणल्या गेलेल्या जातीत जन्मून विज्ञानाच्या शिखरावर पोहोचलेल्या साहांनी नदीनियोजनाचा पाठपुरावा आपल्या लेखणीने केला होता. अमेरिकेतील टेनेसी नदीच्या खोऱ्यात १९३३ पासून जसे काम झाले, त्याच धर्तीवर पूरनियंत्रण, पाटबंधारे आणि वीजनिर्मिती यांची एकत्रित योजना व्हावी, असा विचार पुढे आला.

नदी बिहार आणि बंगाल अशा दोन प्रांतांतून वाहणारी. दोन्ही सरकारांची मते जुळवणे सोपे नव्हते. जानेवारी १९४५ मध्ये कलकत्त्यास झालेल्या परिषदेत बाबासाहेबांनी केंद्राच्या वतीने ही भूमिका मांडली की धरण केवळ पूर अडवण्यासाठी बांधणे म्हणजे संधी दवडणे होय. त्याच पाण्याने शेती भिजली पाहिजे आणि वीजही मिळाली पाहिजे. टेनेसीचा अनुभव असलेले अभियंता वुर्डुइन यांनी केंद्रीय तांत्रिक विद्युत मंडळातून योजनेचा प्राथमिक आराखडा तयार केला. नोव्हेंबर १९४५ मध्ये कटक येथे महानदीच्या प्रश्नावर परिषद झाली, तेव्हाही बाबासाहेबांनी तोच बहुउद्देशीय विचार मांडला. फार पाणी हे ओरिसाचे दुर्दैव नव्हे, ते साठवून कामाला लावता आले नाही हे दुर्दैव, असा त्यांच्या प्रतिपादनाचा रोख होता. पुढे महानदीवर हिराकूड धरण उभे राहिले.

या योजनांची दुसरी बाजूही नोंदवली पाहिजे. धरणांच्या पाण्याखाली गावे गेली. दामोदर खोऱ्यात आदिवासींची घरे आणि शेते गेली. आपल्याकडे मुळशीच्या शेतकऱ्यांनी १९२१ पासून तीन वर्षे सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली टाटांच्या धरणाविरुद्ध लढा दिला होता. ज्यांची जमीन गेली त्यांच्या झोपडीत दिवा लागला का, हा प्रश्न प्रत्येक धरणाला विचारावा लागतो. नळाची चावी कोणाच्या हाती, या जुन्या प्रश्नाचेच ते रूप आहे.

कामाचे तास

शक्ती म्हणजे कार्य भागिले वेळ. मजूरमंत्री या नात्याने बाबासाहेबांनी या सूत्रातील वेळेकडेही लक्ष दिले. यंत्राची शक्ती वाढली, तर त्याच वेळात अधिक कार्य होते. मग त्याचा लाभ केवळ मालकाच्या नफ्यात का जमा व्हावा? कामगाराचे तास कमी का होऊ नयेत? १९४६ साली त्यांनी कारखाने कायद्यातील दुरुस्तीचे विधेयक मांडले. बारमाही कारखान्यांत आठवड्याला ५४ तास काम चाले, ते ४८ तासांवर आले. सहा दिवसांच्या आठवड्यात हे सरासरी दिवसाला आठ तासांचे काम होते. गिरणगावात विजेच्या दिव्याने जो दिवस लांबवला होता, तो परळच्या चाळीत वाढलेल्या मुलाने कायद्याने आखडला.

डिसेंबर १९४३ मध्ये त्यांनी धनबाद परिसरातील कोळसा खाणींना भेट दिली आणि स्वतः जमिनीखाली उतरून कामगारांची स्थिती पाहिली. ज्या कोळशावर वीज निर्माण होते, तो खणणाऱ्यांचे जिणे कसे आहे, हे खात्याच्या मंत्र्याने खाली उतरून पाहावे, ही त्या काळी साधी गोष्ट नव्हती. खाणीतील स्त्री कामगारांच्या प्रसूतिलाभाचा प्रश्नही त्यांनी मार्गी लावला.

संविधान आणि त्यानंतर

१९४६ च्या मध्यात बाबासाहेबांची मजूरमंत्री म्हणून कारकीर्द संपली. त्यांनी आखलेले काम पुढे इतरांच्या हातून पूर्णत्वास गेले. १९४८ साली दामोदर खोरे महामंडळाचा कायदा आणि वीजपुरवठा कायदा संमत झाला. त्या वेळी वीज खात्याचे मंत्री काकासाहेब गाडगीळ होते. त्याच कायद्याच्या चौकटीत राज्याराज्यांत विद्युत मंडळे निघाली आणि १९६० साली महाराष्ट्र राज्य विद्युत मंडळ अस्तित्वात आले. हे यश एकट्या व्यक्तीचे नव्हते. अभियंते, शास्त्रज्ञ, प्रशासक आणि असंख्य मजूर यांचा त्यात वाटा होता. परंतु विजेचा विचार गरिबाच्या बाजूने आणि संपूर्ण देशाच्या पातळीवर करण्याची दिशा देण्यात बाबासाहेबांचा वाटा फार मोठा होता, हे निर्विवाद आहे.

१९४७ साली लिहिलेल्या ‘राज्ये आणि अल्पसंख्याक’ या निवेदनात त्यांनी महत्त्वाचे मूलभूत उद्योग राज्याच्या मालकीचे असावेत, अशी मागणी केली. संविधानात वीज हा विषय समवर्ती सूचीत राहिला. म्हणजे केंद्र आणि राज्य या दोघांनाही त्यावर कायदे करता येतात. १९५१ साली त्यांनी मंत्रिमंडळाचा राजीनामा दिला. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूर येथे त्यांनी बौद्ध धम्माची दीक्षा घेतली आणि ६ डिसेंबर १९५६ रोजी दिल्लीत त्यांचे महापरिनिर्वाण झाले. दामोदर खोऱ्यातील मैथन धरण पुढच्या वर्षी, १९५७ साली, पूर्ण झाले.

आपल्यासाठी

आपल्या शाळेत शिकून गेलेल्यांपैकी कित्येक जण आज सातपूर-अंबडच्या कारखान्यांत, वीज कंपन्यांत, रेल्वेत आणि अभियांत्रिकीच्या क्षेत्रात काम करीत आहेत. त्यांच्या आईवडिलांच्या पिढीने गावात खांब उभे राहिलेले पाहिले, पण त्या खांबावरची तार आपल्या वस्तीपर्यंत येण्यासाठी वाट पाहिली. घरातील आजीने पहाटे उठून जाते ओढले. आज तेच दळण गिरणीत काही मिनिटांत होते. तिच्या खांद्यावरून उतरलेले ते ओझे म्हणजेच विद्युत शक्ती. पुस्तकातील व्याख्या तिच्या आयुष्याशी जोडून पाहिली, तर ती विसरणे शक्य नाही.

आज शाळेत शिकत असलेल्या मुलामुलींनी शब्द अचूक वापरण्याची सवय लावून घ्यावी. बल, ऊर्जा आणि शक्ती यांतील भेद ओळखावा. किलोवॅट आणि किलोवॅट-तास यांची गल्लत करू नये. बाबासाहेबांनी कायदा असो, अर्थशास्त्र असो वा वीज, प्रत्येक विषयातील संज्ञा मुळापासून समजून घेतली आणि मगच तिच्याबद्दल मत मांडले. त्यांच्या विद्वत्तेचा हा गुण आपल्याला उचलता येण्यासारखा आहे.

रात्री वसतिगृहाच्या अभ्यासिकेत दिवे लागतात, तेव्हा बटण दाबणारा हात कोणत्या जातीचा आहे हे कोणी विचारत नाही. साताऱ्याच्या शाळेत नळाजवळ शिपायाची वाट पाहत उभ्या राहिलेल्या मुलाने आपल्या आयुष्यभराच्या परिश्रमाने आपल्याला येथवर आणले आहे. त्या उजेडात मन लावून केलेला अभ्यास हेच त्यांना खरे अभिवादन ठरेल.